पडद्याच्या कडेला उभी आत्या
वाचकांचे प्रश्न

घरातली एखादी आत्या, मावशी किंवा आजी सत्तर-ऐंशीच्या दशकात मराठी सिनेमात लहान भूमिका करायची, पुढे टीव्ही आला तेव्हा तिथंही दिसायची, आणि आज तिचं काम शोधू म्हटलं तर हाती काही लागत नाही. सोलापूर शहर आणि जिल्ह्यातून आलेल्या पत्रांत हीच तक्रार वेगवेगळ्या शब्दांत आहे. म्हणून या वेळची सगळी जागा या एकाच विषयाला दिली आहे.

प्रश्न : माझ्या आत्यानं साधारण 1968 ते 1985 या काळात सिनेमांत कामं केली. नायिकेची मैत्रीण, शेजारीण, नर्स, एकदा फौजदाराची बायको. मुंबई दूरदर्शनच्या नाटकांतही ती होती म्हणतात. आमच्याकडे अकरा फोटो, गाण्यांच्या दोन पुस्तिका आणि एक व्हीएचएस कॅसेट आहे. इंटरनेटवर तिच्या नावाखाली चौदा चित्रपट दिसतात, पण त्यातला एक 1954 चा आहे. तेव्हा आत्या सात वर्षांची होती! खरी यादी कशी करायची?
(नवी पेठ, सोलापूर)

उत्तर : ती चौदा नावांची यादी टाकून देऊ नका, पण त्यातलं एकही नाव अजून खरं धरू नका. 1954 चा चित्रपट बहुधा दुसऱ्याच कुणा बाईंचा आहे. सारख्या नावांची कामं एकाच खात्यावर जमा होणं हा अशा याद्यांचा नेहमीचा दोष. सुलोचना हे एकच नाव घ्या. मूकपटांच्या जमान्यातल्या सुलोचना म्हणजे रूबी मायर्स, ज्यांना 1973 चा दादासाहेब फाळके पुरस्कार मिळाला. पडद्यावरची सोशिक आई म्हणून महाराष्ट्र ज्यांना ओळखतो त्या सुलोचना लाटकर. आणि लावणीवाल्या सुलोचना चव्हाण या गायिका, ज्या लग्नाआधी सुलोचना कदम या नावानं गात. एवढ्या मोठ्या तिघींची गल्लत होते, तिथं तुमच्या आत्याची होणारच.

म्हणून पहिलं काम नावांचं. एका कागदावर आत्याचं माहेरचं नाव, सासरचं नाव, घरात हाक मारायचं नाव आणि पडद्यासाठी घेतलेलं नाव लिहून काढा. सीमा देव या मूळच्या नलिनी सराफ, उषा किरण या उषा मराठे. आपल्या सोलापुरात जन्मलेल्या शशिकला माहेरच्या जवळकर, लग्नानंतर सैगल. लहान भूमिका करणाऱ्यांचं तर टायटल्समध्ये बऱ्याचदा नुसतं पहिलं नाव यायचं, मागे 'कु.' किंवा 'सौ.' लावून. हे एक अक्षर फार कामाचं आहे. आत्याच्या लग्नाची तारीख घरात माहीत असणारच. 'कु.' असलेले चित्रपट बहुधा त्या तारखेच्या आधीचे, 'सौ.' असलेले नंतरचे. जिथं हे जुळत नाही तिथं थांबून पुन्हा बघायचं.

रोमन लिपीतल्या याद्यांत आणखी एक खड्डा आहे. तिथं ण आणि न, ळ आणि ल यांत फरक राहत नाही. राणे आणि राने, काळे आणि काले दिसायला एकच. तेव्हा नाव शोधताना रोमनमधली सगळी स्पेलिंगं घाला, पण ओळख मात्र देवनागरी टायटल्सवरूनच पटवा.

दुसरं काम पुराव्याची प्रतवारी ठरवण्याचं. प्रत्येक चित्रपटापुढे तीनपैकी एक खूण करा. 'अ' म्हणजे आत्याला तुम्ही किंवा घरातल्या कुणी पडद्यावर डोळ्यांनी पाहिलं. 'आ' म्हणजे टायटल्स, पुस्तिका किंवा जाहिरातीत नाव छापलेलं सापडलं. 'इ' म्हणजे कुणीतरी सांगितलं किंवा इंटरनेटवर दिसलं. आज चौदाच्या चौदा 'इ' मध्ये आहेत, असं समजून सुरुवात करा. नाव छापलेलं आहे पण बाई दिसत नाही, असंही होतं. लांबी कमी करताना आधी लहान भूमिकांवर कात्री चालते आणि टायटल्स तोवर तयार झालेली असतात. म्हणून 'आ' वर समाधान मानू नका.

तिसरं, प्रत्येक चित्रपटाला पोस्टकार्डाएवढा एक कागद द्या. त्यावर चित्रपटाचं नाव, सेन्सॉर प्रमाणपत्राचा क्रमांक आणि तारीख, लांबी मीटरमध्ये, रिळं किती, आत्याची भूमिका, ती दिसते तो मिनिट-सेकंद, अंगावरचं लुगडं किंवा पातळ, सोबत कोण आहे, आणि ही माहिती कुठून मिळाली, हे सगळं लिहा. शेवटचा रकाना रिकामा राहिला, तर दोन वर्षांनी तो कागद तुमच्याच उपयोगाचा राहत नाही.

सेन्सॉरचं प्रमाणपत्र चित्रपटाच्या अगदी सुरुवातीला येतं आणि लोक ते पुढे ढकलतात. तिथं चित्र थांबवून मोबाइलवर फोटो काढून ठेवा. त्या कागदावरची तारीख चित्रपटाच्या जन्माचीच असते असं मात्र नाही. प्रमाणपत्राची मुदत तेव्हा 10 वर्षांची असे. त्यामुळे 1972 च्या चित्रपटाच्या प्रतीवर 1984 चं प्रमाणपत्र असू शकतं. ओळखायची खूण सोपी आहे : 1983 च्या जूनपूर्वी 'यू' आणि 'ए' हे दोनच प्रकार होते, 'यूए' आणि 'एस' तेव्हापासून आले. सेन्सॉर मंडळाच्या इंग्रजी नावातला 'सेन्सॉर्स' हा शब्द जाऊन 'सर्टिफिकेशन' आला तोही त्याच वर्षी. कृष्णधवल चित्रपट, जुन्या वळणाची टायटल्स आणि त्यावर 'यूए' असं दिसलं, की ती नंतरची प्रत आहे हे समजा आणि सालाचा शोध चालू ठेवा.

प्रश्न : सिनेमातला आईचा म्हणून एक स्टिल फोटो घरात आहे. चेहरा तिचाच वाटतो, पण गालावरचा तीळ उजवीकडे दिसतो. आईचा तीळ डावीकडे होता. मग ही आई नव्हे का?
(बार्शी)

उत्तर : आधी पदर बघा. नेहमीच्या पद्धतीनं नेसलेल्या साडीचा पदर डाव्या खांद्यावर असतो. फोटोत तो उजव्या खांद्यावर दिसत असेल, तर छापताना निगेटिव्ह उलटी पडली आहे आणि तीळ आपोआप डावीकडचाच ठरतो. गुजराती पद्धतीत पदर उजव्या खांद्यावरून पुढे येतो, तेवढा अपवाद लक्षात ठेवा. शेजारी पुरुष असेल तर शर्टाची बटणपट्टी आणि मनगटावरचं घड्याळ बघा, भिंतीवर कॅलेंडर किंवा पाटी असेल तर अक्षरं वाचा. दोन खुणा एकाच बाजूनं बोलल्या, की फोटो उलटा छापलेला आहे हे नक्की.

ओळख पटवताना डोळे आणि हसणं यांच्यावर भिस्त ठेवू नका, मेकअपनं ते बदलतात. भुवया तर हमखास बदललेल्या असतात. कान बघा. कानाच्या पाळीचा आकार, ती गालाला चिकटलेली आहे की सुटी आहे, कपाळावरची केसांची रेघ आणि पुढच्या दातांची ठेवण, या चार गोष्टी घरातल्या लग्नाच्या फोटोशी ताडून पाहा. अंबाड्यात कान झाकले जात नाहीत, ही आपली सोय आहे. फोटोची मागची बाजूही वाचा. तिथं स्टिल फोटोग्राफरचा शिक्का, पेन्सिलनं लिहिलेला आकडा किंवा चित्रपटाच्या नावाची आद्याक्षरं असू शकतात. ती पुसट असतील तर टॉर्च कागदाला जवळजवळ टेकवून आडवा धरा. शाई गेली तरी पेन्सिलनं पडलेला दाब सावलीत उठून दिसतो.

प्रश्न : सासूबाई म्हणतात, "1974 मध्ये आम्ही सगळ्यांनी वन्संना सोलापुरात टीव्हीवर पाहिलं." हे शक्य आहे का?
(मुरारजी पेठ, सोलापूर)

उत्तर : वर्षात गडबड आहे. मुंबई दूरदर्शन 2 ऑक्टोबर 1972 ला सुरू झालं. पुढच्या वर्षी सिंहगडावरच्या मनोऱ्यावरून पुणे परिसरात ते दिसू लागलं. तिथून सोलापूर अडीचशे किलोमीटर. छपरावर कितीही उंच अँटेना लावली तरी एवढ्या अंतरावर रोजचं चित्र येत नाही, कारण हे प्रक्षेपण साधारण नजरेच्या रेषेत चालतं आणि पृथ्वीचा बाक मध्ये येतो. 1975-76 मध्ये उपग्रहावरून खेड्यांत टीव्ही दाखवण्याचा 'साइट' हा प्रयोग झाला, पण त्यातल्या सहा राज्यांत महाराष्ट्र नव्हता.

आपल्याकडच्यासारख्या शहरांत टीव्ही खऱ्या अर्थानं पोचला तो इनसॅट-1बी हा उपग्रह 30 ऑगस्ट 1983 ला सोडल्यानंतर. देशभर 100 वॉटचे छोटे प्रक्षेपक झपाट्यानं उभे राहिले. त्यांचा पल्ला शहर आणि आजूबाजूचे पंधरा-वीस किलोमीटर. आणि त्यावर सुरुवातीला दिसायचा तो दिल्लीचा राष्ट्रीय कार्यक्रम. म्हणजे 1974 मध्ये वन्संनी मुंबईच्या स्टुडिओत नाटक केलं असेल, तर ते दादर-गिरगावात दिसलं आणि सोलापुरातल्या त्यांच्या स्वतःच्या घरी दिसलं नाही. त्या काळातल्या कित्येक नट्यांच्या बाबतीत हे असं झालं, आणि गावाकडच्यांनी त्यांना 'सिनेमा सुटल्यावर घरीच बसल्या' असं ठरवून टाकलं. ही नोंद दुरुस्त व्हायला हवी.

सासूबाईंनी पाहिलं ते खोटं नाही. मुंबईला कुणा नातलगाकडे पाहिलं असेल. सोलापुरातच पाहिलं असेल, तर ते 1984 नंतरचं, आणि बहुधा टीव्हीवर लागलेला जुना सिनेमा. राष्ट्रीय वाहिनीवर रविवारी दुपारी प्रादेशिक भाषांतले चित्रपट लागायचे, खाली इंग्रजी ओळी असायच्या. खात्री करायला एकच प्रश्न विचारा : "चित्राखाली इंग्रजी अक्षरं होती का?" वर्ष आठवत नाही, पण हे माणसांना आठवतं. टीव्ही कुणाच्या घरी होता, रंगीत होता का, एवढंही विचारा. देशात रंगीत प्रक्षेपण 1982 मध्ये सुरू झालं.

दूरदर्शनच्या कामाचा पुरावा चित्रात शोधत बसू नका, कागदात शोधा. सुरुवातीचे बरेच कार्यक्रम थेट प्रसारित व्हायचे. जे टेपवर गेले त्यांचीही टेप महाग, म्हणून पुसून पुन्हा वापरली जायची. पण कलाकाराला करारपत्र मिळायचं. त्यावर कार्यक्रमाचं नाव, तारीख आणि मानधन असतं. जुन्या ट्रंकेत, बँकेच्या पासबुकात दुमडलेलं, रेशनकार्डाच्या पिशवीत बघा. एक लक्षात ठेवा : 1 एप्रिल 1976 पर्यंत दूरदर्शन हे आकाशवाणीचाच भाग होतं. त्याआधीच्या कागदावर आकाशवाणीचं नाव दिसलं, तर 'हे रेडिओचं असेल' म्हणून बाजूला टाकू नका. आतला मजकूर वाचा.

प्रश्न : मावशीचा सिनेमा थेटरात पाहिलेल्या वडिलांचं म्हणणं असं, की टीव्हीवरून घेतलेल्या कॅसेटमध्ये तिचा आवाज बारीक झालाय, सिनेमा कापलाय आणि लग्नाच्या प्रसंगात ती दिसतच नाही. असं खरंच होतं का?
(पंढरपूर)

उत्तर : वडिलांचा कान आणि डोळा दोन्ही पक्के आहेत. एकेक गोष्ट घेऊ.

सिनेमा सेकंदाला 24 चौकटींनी चालतो. आपल्याकडचा टीव्ही 25 चौकटींचा. चित्रपट टीव्हीसाठी उतरवताना तो सरळ 25 च्या वेगानं पळवला जातो. त्यामुळे सगळं 4 टक्के वेगानं होतं आणि आवाज अर्ध्या सुरापेक्षा थोडा कमी चढतो. संवादात हे कुणाच्या लक्षात येत नाही, ओळखीच्या आवाजात येतं. गाण्याला पेटी लावून पाहा, पट्टी चढलेली सापडेल.

लांबीचा हिशेब असा. 35 मिलिमीटरची फिल्म मिनिटाला 27.36 मीटर सरकते. प्रमाणपत्रावर 3,600 मीटर लिहिलं असेल, तर 3,600 भागिले 27.36, म्हणजे थेटरात सुमारे 131 मिनिटं 35 सेकंद. टीव्हीच्या वेगानं तोच चित्रपट 126 मिनिटं 19 सेकंदांत संपतो. तेव्हा पाच मिनिटं कमी भरली म्हणून 'कापला' म्हणायचं नाही. जाहिराती वजा करून कॅसेट 115 मिनिटं भरली, तर मात्र दहा-अकरा मिनिटं गेली आहेत. ती टीव्हीनं कापली असतील किंवा प्रत आधीच तुटकी असेल. गावोगावच्या यात्रांत, तंबूतल्या टूरिंग टॉकीजमध्ये फिरलेल्या प्रती फार झिजत. फिल्म तुटली, की ऑपरेटर तुटलेल्या चौकटी काढून जोड लावायचा. रिळाची सुरुवात आणि शेवट यांना सगळ्यात जास्त मार बसतो, म्हणून प्रसंग मध्येच उडी मारतो. ती उडी साधारण 10-11 किंवा 20-22 मिनिटांच्या टप्प्यावर आहे का बघा. 1,000 फुटांचं रीळ 11 मिनिटांचं असतं आणि 2,000 फुटांचं 22 मिनिटांचं. टीव्हीच्या वेगात हे आकडे साडेदहा आणि एकवीस होतात.

आता मावशी दिसत नाही ते का. चित्रपट सिनेमास्कोप असेल, तर पडद्याची रुंदी उंचीच्या 2.35 पट. जुन्या टीव्हीची 1.33 पट. पूर्ण टीव्ही भरायचा तर चित्राचा 57 टक्केच भाग घेता येतो, उरलेला 43 टक्के दोन्ही कडांना जातो. आणि कडेला कोण उभं असतं? नायक-नायिका मध्ये, आणि मावशी, शेजारीण, करवली कडेला. टीव्हीनं लहान भूमिकांचं जे नुकसान केलं ते इतकं साधं, मोजपट्टीनं मोजता येणारं आहे. म्हणून 'कॅसेटमध्ये दिसली नाही' एवढ्यावरून तिचं नाव यादीतून काढू नका. कागदावर 'कडा कापलेली प्रत पाहिली' असं लिहा आणि पूर्ण रुंदीची प्रत मिळेपर्यंत तो कागद उघडा ठेवा.

आवाजाबद्दल आणखी एक. त्या काळात चित्रीकरणाला जो हलका कॅमेरा सर्रास वापरत तो मोठा आवाज करायचा, त्यामुळे संवाद नंतर स्टुडिओत डब व्हायचे. दहा-वीस सेकंदांचा तुकडा पुन्हा पुन्हा पडद्यावर फिरवून कलाकार ओठांवर शब्द बसवायचे. लहान भूमिकेसाठी त्या बाईंना पुन्हा बोलावणं परवडत नसे, मग जी हजर असेल तिचा आवाज लागायचा. तेव्हा आवाज वडिलांना अगदीच परका वाटत असेल, तर वेगाचं कारण पुरेसं नाही. तो दुसऱ्या बाईंचाही असू शकतो. चेहरा मावशीचा आणि आवाज परका, हे दोन्ही एकाच वेळी खरं असतं.

प्रश्न : कॅसेट 1988 च्या सुमाराची आहे. काचेतून पांढरी पावडर दिसते. घरात जुना व्हीसीआर आहे, लावून बघू का?
(होटगी रस्ता, सोलापूर)

उत्तर : लावू नका! ती पावडर बुरशी आहे. व्हीसीआरमध्ये गेली, की ती हेडला, म्हणजे टेप वाचणाऱ्या भागाला, लागते, टेप चिकटून चिरडते, आणि त्यानंतर लावलेल्या प्रत्येक चांगल्या कॅसेटला तीच बुरशी लागते. आपल्या हवेत मे महिना टेप कोरडी ठेवतो, पण पत्र्याखालच्या माळ्यावर ती तापते. मग जुलै ते सप्टेंबर दमट हवा आत शिरते. चाळीस पावसाळे काढलेल्या कॅसेटला बुरशी न लागली तरच नवल.

आधी मागच्या कडेवरचा रेकॉर्डिंगचा प्लास्टिकचा छोटा तुकडा मोडलेला आहे का पाहा. नसेल तर मोडा, म्हणजे चुकून वर काही रेकॉर्ड होणार नाही. मग कॅसेट खोलायची. तोंडाला मास्क, हातात मोजे, पंखा बंद, आणि स्वयंपाकघरात नव्हे, गच्चीवर सावलीत. लेबल खाली करून टेबलावर ठेवा. पाठीला 5 स्क्रू असतात, पाचही काढा, पण दोन्ही अर्धुकं हातानं दाबून धरा. तशीच उलटवून लेबल वर आणा आणि मग वरचं अर्धुक सरळ उचला. उलट्या बाजूनं उघडलं, तर रिळं, दोन्ही रोलर आणि चाकांना अडवणारी स्प्रिंग सगळं खाली सांडतं. उघडल्या उघडल्या टेप कोणत्या रोलरमागून कशी जाते, त्याचा मोबाइलवर फोटो घ्या. परत बसवताना तोच कामाला येतो.

बुरशी फक्त रिळाच्या कडेवर विरळ असेल, तर मऊ कोरड्या ब्रशनं झटका. पाणी, स्पिरिट, ओला कपडा काही नको. टेपच्या तपकिरी बाजूला बोट लावायचं नाही. मग त्याच मापाच्या दुसऱ्या स्वच्छ कॅसेटचं खोकं रिकामं करून त्यात ही रिळं बसवा. जुनं खोकं वापरू नका, बुरशीचे कण त्यातच असतात. थर जाड असेल, वेटोळे एकमेकांना चिकटले असतील किंवा टेप उलगडताना चर्र असा आवाज येत असेल, तर तिथंच थांबा आणि टेपचं रूपांतर करणाऱ्या जाणकाराकडे द्या. 'ओव्हनमध्ये गरम केली की सुटते' असा सल्ला फिरतो. तो वेगळ्या दोषाच्या टेपसाठी, तापमानावर नेमका ताबा असलेल्या यंत्रात करायचा उपाय आहे. घरच्या ओव्हनमध्ये खोकं वितळेल आणि बुरशी तशीच राहील.

व्हीसीआर स्वच्छ करताना सगळ्यात मोठी चूक इयरबडची. हेड फिरत्या ड्रमच्या कडेला असतं आणि त्याचं टोक अतिशय नाजूक. कापसाचा धागा त्यात अडकला, की टोक तुटलं. धागे न सुटणारं शामॉय कातडं 99 टक्के आयसोप्रोपिल अल्कोहोलनं ओलं करा, ड्रमला आडवं नुसतं टेकवून ठेवा आणि ड्रम वरून बोटानं हळू फिरवा. कातडं वर-खाली घासायचं नाही. रबराच्या रोलरला अल्कोहोल लावू नका, रबर कडक होतं. त्याला साबणाच्या पाण्याचं पिळलेलं फडकं पुरे. वीस मिनिटं वाळू द्या.

मग आधी एखादी बिनकामाची कॅसेट लावून यंत्र टेप खात नाही याची खात्री करा. आपली कॅसेट एकदा शेवटपर्यंत पुढे आणि पुन्हा मागे गुंडाळा, म्हणजे ताण सारखा होतो. आणि पहिल्याच वेळी लावताना संगणकावर रेकॉर्डिंग (कॅप्चर) सुरू ठेवा. खराब टेपचं पहिलं चालणं हेच कधीकधी सगळ्यात चांगलं चालणं असतं, 'आधी बघून घेऊ' म्हणण्यात ते वाया जातं. कॅप्चरमध्ये पाल (आपल्याकडची टीव्हीची पद्धत), 720 बाय 576, 25 चौकटी, आवाज 48 किलोहर्ट्झ असं ठेवा. एस-व्हिडिओची जागा असेल तर पिवळ्या वायरऐवजी तीच वापरा. डीव्ही प्रकारात तासाला 13 जीबी लागतात, तीन तासांच्या कॅसेटला 40 जीबी मोकळी जागा हवी. चित्र अस्थिर झालं, की व्हीसीआर आपणहून निळा पडदा दाखवतो. ती सोय मेनूत बंद करा, नाहीतर नेमका मावशीचा प्रसंग निळा होतो. कॅप्चर करताना दिसणारा सुटलेल्या चौकटींचा (ड्रॉप्ड फ्रेम्स) आकडा शून्य नसेल, तर पुढे आवाज ओठांना सोडून धावतो. त्यासाठी मध्ये टाइम बेस करेक्टर, म्हणजे चित्राचा डळमळीत वेग सारखा करणारं यंत्र, लावावं लागतं.

जाहिराती कापून टाकू नका. कोणता साबण, कोणत्या सणाची सूट, पुढच्या कार्यक्रमाची कोणती घोषणा, यावरून प्रसारणाचा महिना काढता येतो. आणि एक बक्षीसही मिळतं. जुन्या टीव्हीची चौकट चित्राच्या कडा झाकायची, कॅप्चरमध्ये त्या दिसतात. टायटल्समधलं कडेचं अर्धवट नाव तिथं पूर्ण वाचता येतं.

प्रश्न : फोटोंचा जुना अल्बम आहे. लॅमिनेट करून घ्यावेत का?
(मोहोळ)

उत्तर : अजिबात नाही. लॅमिनेशनची उष्णता आणि गोंद दोन्ही कायमचे, फोटो पुन्हा सुटत नाही. चिकट पानांच्या अल्बममधून काढताना नखानं उचलू नका. दात साफ करायचा दोरा (डेंटल फ्लॉस) फोटोमागून करवतीसारखा हळू ओढा. निघत नसेल तर पानासकट स्कॅन करा. फोटो 600 डीपीआयवर, 35 मिलिमीटरची निगेटिव्ह किमान 2,400 वर, फाइल टिफमध्ये. नावं मागे मऊ पेन्सिलनं, कडेला. बॉलपेन पुढून उठतो. कपाटात डांबरगोळ्या ठेवू नका. गाण्याच्या पुस्तिकेच्या गंजलेल्या पिना काढा आणि पानं दोऱ्यानं सैल बांधा.

प्रश्न : सिनेमा सोलापुरात कधी लागला, हे कसं कळेल?
(अक्कलकोट)

उत्तर : स्थानिक दैनिकांच्या शुक्रवारच्या अंकांतून. 'संचार'सारख्या दैनिकांच्या जुन्या फायली आणि हिराचंद नेमचंद वाचनालयासारखी जुनी वाचनालयं, दोन्हीकडे आधी चौकशी करून मग जा. सेन्सॉरच्या पहिल्या तारखेपासून पुढचं एक वर्ष घ्या, म्हणजे 52 शुक्रवार. मराठी चित्रपटाच्या प्रती थोड्या असत आणि त्या मुंबई, पुणे, कोल्हापूर करत इकडे यायच्या, त्यामुळे चार-सहा महिन्यांचा उशीर नवलाचा नाही. जाहिरातीत 'आजपासून' आणि 'रोज 3 खेळ' असेल तर ते प्रदर्शन. नुसतं सकाळचा खेळ किंवा मॅटिनी असेल, तर जुना चित्रपट परत लागला आहे. भागवत थेटरात किती आठवडे चालला, हे त्याच जाहिरातीतल्या आठवड्याच्या आकड्यावरून मिळतं. पण सलग अंक पाहा, कारण एका थेटरातून दुसऱ्यात गेल्यावरही आठवडे पुढे मोजत राहतात.

प्रश्न : आत्याचे प्रसंग यूट्यूबवर टाकले तर चालेल का?
(सांगोला)

उत्तर : चित्रपटाचा हक्क निर्मात्याचा किंवा त्याच्याकडून घेणाऱ्याचा, नटीच्या घरच्यांचा नव्हे. मुदत प्रदर्शनाच्या पुढच्या 1 जानेवारीपासून 60 वर्षं. 1974 चा चित्रपट 31 डिसेंबर 2034 पर्यंत हक्कात आहे. घरी जपणं, अभ्यासासाठी पाहणं याला अडचण नाही. सगळ्यांसाठी टाकायचं तर लेखी परवानगी घ्या.

प्रश्न : पुण्याच्या चित्रपट संग्रहालयात आमच्यासारख्यांना प्रवेश मिळतो का? काय न्यावं?
(करमाळा)

उत्तर : लॉ कॉलेज रस्त्यावरचं राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय 1964 मध्ये स्थापन झालं, 2022 पासून ते राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळाचा भाग आहे. तिथं चित्रपटांखेरीज स्टिल फोटो, पोस्टर, गाण्यांच्या पुस्तिका आणि सेन्सॉरकडे दिलेल्या संहिता आहेत. या संहिता तुमच्या सगळ्यात कामाच्या, कारण त्यात प्रसंग आणि संवाद क्रमानं लिहिलेले असतात. नर्सला तीन वाक्यं आहेत की एकही नाही, ते तिथं कळतं.

न कळवता जाऊ नका. आधी लेखी विनंती पाठवा आणि त्यात 'आत्याची सगळी माहिती द्या' असं लिहू नका. चित्रपटाचं नाव, साल, निर्माता आणि नेमकं काय पाहायचं आहे, एवढं लिहा. एका फेरीला चार-पाच चित्रपट पुरे. सोबत नावांचा तक्ता, आत्याचे वेगवेगळ्या वयातले तीन स्पष्ट फोटो (एक तरी कान दिसणारा), ओळखपत्र, पेन्सिल आणि तयार केलेले कागद न्या. तुमच्याकडची पुस्तिका किंवा फोटो त्यांच्याकडे नसेल, तर त्याचं चांगलं स्कॅन देण्याची तयारी दाखवा. मूळ वस्तू द्यायची असेल, तर नेताना तिच्यासोबत एका कागदावर आत्याचं पूर्ण नाव देवनागरीत, माहेरच्या आणि सासरच्या आडनावासह लिहून द्या.